खांदा किती वेळा निखळला, की आत काय तुटलं?

२३ मार्च २०२१ रोजी पुण्याजवळच्या गहुंजे मैदानावर इंग्लंडविरुद्धच्या सामन्यात चेंडू अडवायला झेपावलेल्या क्रिकेटपटू श्रेयस अय्यरचा डावा खांदा निसटला. ८ एप्रिलला शस्त्रक्रिया झाली, सप्टेंबरमध्ये तो पुन्हा खेळू लागला आणि नोव्हेंबरमध्ये कानपूरला कसोटी पदार्पणातच त्याने शतक ठोकलं. नागपूरच्या मनीषनगरात कबड्डीत पकड करणाऱ्या किंवा पोलीस भरतीसाठी ७.२६ किलोचा गोळा फेकणाऱ्या पोराचा खांदा निखळला, तर सल्ला बहुधा वेगळा मिळतो: बसवून घे, पुन्हा निखळला तर बघू. माझ्या मते हा मोजणीचा हिशेबच चुकतो. वय काय, आत काय तुटलं आणि त्या हाताला काम कोणतं, यावर शस्त्रक्रियेचा निर्णय व्हायला हवा.

खांद्याची खोबणी उथळ असते. बशीवर मोठं लिंबू ठेवावं तसा दंडाच्या हाडाचा गोळा तिच्यावर टेकलेला असतो. खोबणीच्या कडेची कूर्चा आणि अस्थिबंध त्याला धरून ठेवतात. काखेत मुसळ लावून खांदा वर उचलण्याची आणि जागेवर बसल्यावर स्वस्तिक बंध बांधण्याची रीत सुश्रुतसंहितेत आहे. पण खांदा बसला म्हणजे तुटलेली कड जुळली असं नाही. ही कडच खरं दुखणं आहे, हे लंडनचे सर्जन बँकार्ट यांनी १९२३ मध्ये ठामपणे मांडलं. आज ती दुर्बिणीतून, हाडात अँकर रोवून, धाग्यांनी शिवतात. मात्र खोबणीचं हाडच झिजलं असेल तर नुसती शिलाई टिकत नाही. बर्कहार्ट आणि डी बीअर यांच्या २००० सालच्या अभ्यासात हाडाची मोठी झीज नसलेल्यांत शस्त्रक्रियेनंतर खांदा पुन्हा निसटण्याचं प्रमाण सुमारे ४ टक्के होतं, झीज असलेल्यांत ६७. अशा वेळी फ्रान्सच्या लातार्जे यांनी १९५४ मध्ये मांडलेली पद्धत वापरतात: शेजारचा हाडाचा तुकडा स्नायूसकट खोबणीच्या कडेला स्क्रूने बसवतात. प्रत्येक वेळी खांदा निखळताना हाड आणखी झिजू शकतं, म्हणून वाट पाहणं फुकट पडत नाही.

यावर आक्षेप येतो, की पुष्कळांचा खांदा आपोआप सावरतो. खरं आहे. होवेलियस यांनी स्वीडनमध्ये २५ वर्षं केलेल्या पाठपुराव्यात १२ ते २५ वयोगटातल्या, शस्त्रक्रिया न झालेल्या जवळपास निम्म्यांचा खांदा एक तर पुन्हा निखळला नाही किंवा काळाने स्थिरावला. त्यामुळे सरसकट सगळ्यांना टेबलावर घेणं अन्यायच. चाळिशीनंतर पुन्हा निखळण्याची भीती कमी. तिथे स्नायूबंध फाटलाय का ते आधी पाहावं. मुळातच सांधे सैल असणाऱ्यांना व्यायाम पहिला. शस्त्रक्रियेनंतरही हात आखडतो, क्वचित नसेला इजा होते आणि धक्काबुक्कीच्या खेळाला साधारण सहा महिने थांबावं लागतं. पण राहिलेल्या निम्म्यांत विशीतला पकडपटू असेल, तर सरासरीचा दिलासा त्याच्या कामाचा नाही. तेव्हा एक्स-रे काढून खांदा बसवावा, एमआरआय आणि गरज पडल्यास सीटी स्कॅन करून घ्यावा. मनीषनगरकराला वर्धा रोडने मिहानचं एम्स गाठता येतं, शहरात ‘मेडिकल’ म्हणजे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयही आहे. शस्त्रक्रिया करायची की नाही हा प्रश्न खांदा पहिल्यांदा निखळतो तेव्हाच डॉक्टरांसमोर मांडावा. उत्तर ‘नको’ आलं, तरी ते तपासून आलेलं असावं.