एका मॅचच्या अडीच कोटी प्रती

टीव्हीच्या मनोऱ्याला गर्दी कळतच नाही! मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. मनोऱ्यावरून लहरी निघायच्या आणि ज्याच्या छपरावर अँटेना, त्याच्या घरी चित्र दिसायचं. शंभर घरांनी बघितलं काय नि लाख घरांनी बघितलं काय, मनोऱ्याचं विजेचं बिल तेवढंच. शेजाऱ्यांनी टीव्ही लावला म्हणून तुमच्या वाट्याच्या लहरी काही कमी होत नाहीत. उपग्रहावरून डिशवर येणाऱ्या चॅनेलचंही तसंच.

मोबाइलवर लाइव्ह मॅच बघताना मात्र सगळं उलटं असतं. तुम्ही मॅच उघडली की खास तुमच्या फोनसाठी एक वेगळी प्रत निघते. ताईने तिच्या फोनवर उघडली की आणखी एक. दोघं एकाच सोफ्यावर बसून एकच चेंडू बघत असलात तरी प्रती दोन! लग्नाच्या पंगतीत प्रत्येकाच्या पानात वेगळं वाढावं लागतं ना, तसं. माणसं वाढली की वाढपीही वाढवावे लागतात. लाइव्ह स्ट्रीमिंगमधलं खरं आश्चर्य मला कॅमेऱ्यात नाही, या गर्दीत दिसतं.

आधी एका प्रतीचा प्रवास बघू. फुल एचडी चित्रात आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात, म्हणजे वीस लाखांहून जास्त. सेकंदाला अशी २५ चित्रं धरली तर पाच कोटींच्या वर ठिपके झाले. प्रत्येक ठिपक्याचा रंग जसाच्या तसा पाठवायचा म्हटलं तर एका सेकंदाला दीडशे एमबीहून जास्त डेटा लागेल. रोज दीड जीबी मिळणारा पॅक दहा सेकंदांत खल्लास!

म्हणून चित्र दाबून लहान करतात, आणि त्याची युक्ती फार सुंदर आहे. गोलंदाज धावत येतोय, पण मागचं हिरवंगार मैदान एका चित्रातून दुसऱ्या चित्रात जाताना फारसं बदलत नाही. मग ते पुन्हा पुन्हा कशाला पाठवायचं? एक चित्र पूर्ण पाठवायचं, आणि पुढच्या चित्रांसाठी 'एवढा भाग इकडे सरकला, तेवढा बदलला' एवढंच कळवायचं. अशा युक्त्यांमुळे चित्राचं ओझं शंभर पटींहून जास्त कमी होतं. फायनल जिंकल्यावर चमचमत्या कागदांचा पाऊस पडतो, तेव्हा स्क्रीनकडे नीट बघा. चित्र एकदम चौकोन-चौकोन दिसायला लागतं. प्रत्येक चिटोरा भिरभिरत असतो, जवळजवळ प्रत्येक ठिपका बदलत असतो आणि बिचाऱ्या युक्तीला वाचवण्यासारखं काही उरतच नाही.

दाबलेल्या चित्राचे मग काही सेकंदांचे तुकडे पाडतात. प्रत्येक तुकडा वेगवेगळ्या दर्जांचा तयार ठेवतात: एक लख्ख पण जड, एक धूसर पण हलका आणि मधले काही. कोणता घ्यायचा हे ठरवतो तुमचा फोन! मागचा तुकडा किती लवकर पोचला ते तो मोजतो आणि त्यावरून पुढचा मागतो. एसटी घाटात शिरली, रेंज कमी झाली की चित्र धूसर होतं. पण बऱ्याचदा मॅच चालू राहते, ती या हुशारीमुळे. मॅच मँचेस्टरला असली तरी प्रत्येक फोनला तुकडा तिथून आणून देत नाहीत. मुंबई, चेन्नई, दिल्लीसारख्या शहरांमधल्या सर्व्हरवर तो आधी आणून ठेवतात आणि तिथून जवळपासच्या फोनना वाटतात.

या सगळ्यात वेळ जातो. शिवाय नेट अडखळलंच तर हाताशी असावेत म्हणून फोन दोन-तीन तुकडे पुढचे साठवून ठेवतो. सहा सेकंदांचे तीन तुकडे म्हणजे झाले की अठरा सेकंद! डिशवर मॅच बघणारे शेजारी 'सिक्स!' म्हणून ओरडतात तेव्हा तुमच्या फोनवर गोलंदाज अजून रनअपच्या टोकाला उभा असतो, तो यामुळेच. पुढच्या मॅचला एका हातात घड्याळ घ्या आणि टीव्ही नि फोन यांच्यातला फरक मोजा. मित्राच्या फोनवर तो आणखी वेगळा निघेल, कारण त्याच्या फोनने आपले तुकडे आपल्या सोयीने साठवलेले असतात.

आता गर्दीकडे वळू. भारतात सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं, डेटा एकदम स्वस्त झाला आणि फोनवर मॅच बघणारे भराभर वाढले. २०१९ च्या आयपीएल फायनलला हॉटस्टार या ॲपवर एकाच वेळी १ कोटी ८६ लाख प्रेक्षक होते. त्यानंतर दोनच महिन्यांनी वर्ल्डकपची सेमीफायनल आली, भारत विरुद्ध न्यूझीलंड. पावसामुळे मॅच दुसऱ्या दिवशी, १० जुलैला गेली. जडेजा ७७ धावा करून बाद झालेला, धोनी अजून खेळतोय, देशभरात लोक भराभर फोन उघडतायत. हॉटस्टारवरचा आकडा २ कोटी ५३ लाखांवर पोचला. तुकडा सहा सेकंदांचा धरला, तर इतके फोन मिळून दर सेकंदाला चाळीस लाखांहून जास्त वेळा 'पुढचा द्या, पुढचा द्या' म्हणत असणार!

अशा वेळी गर्दी बघून नवे सर्व्हर लावू म्हटलं तर उशीर झालेला असतो. सर्व्हर सुरू होऊन कामाला लागायलाच मिनिटभर तरी जातं आणि मोठ्या मॅचला मिनिटाला लाखो लोक आत येत असतात. म्हणून सर्व्हर आधीच लावून ठेवतात. मॅचच्या कितीतरी दिवस आधी खोटी गर्दी तयार करून तालीम घेतात: हजारो संगणक प्रेक्षक असल्याचं सोंग घेऊन यंत्रणेवर तुटून पडतात आणि काय मोडतं ते इंजिनिअर बघतात. खरोखर ताण आलाच तर 'तुम्हाला हेही आवडेल' असली कामं बंद करायची आणि व्हिडिओ तेवढा चालू ठेवायचा, हेही आधीच ठरलेलं असतं. हा अग्रक्रम मला फार आवडतो.

आणि मग त्या सेमीफायनलच्या दिवशी न्यूझीलंडच्या मार्टिन गप्टिलचा थेट थ्रो स्टंपवर लागला. धोनी रनआउट! लोकांनी काय केलं असेल? मटकन बसले आणि 'बॅक'चं बटण दाबलं. तुम्हाला वाटेल, गर्दी गेली, इंजिनिअर सुटले. छे! बॅक दाबलं की ॲपचं पहिलं पान उघडतं. म्हणजे इतका वेळ व्हिडिओ बघणारी सगळी माणसं एका झटक्यात त्या पहिल्या पानावर येऊन आदळतात. त्या पानाचे सर्व्हर वेगळे असतात. तेही मोठ्या गर्दीसाठी आधीच सज्ज ठेवावे लागतात. गर्दी जातानाही दार मोडू शकते, हे तोवर किती जणांना सुचलं असतं?

पुढे अहमदाबादच्या २०२३ च्या वर्ल्डकप फायनलला हॉटस्टारवरचा आकडा ५ कोटी ९० लाखांवर गेला. हे आकडे इतके नेमके कसे कळतात? कारण प्रत वेगळी! टीव्हीचे प्रेक्षक निवडक घरांत मीटर बसवून अंदाजाने काढावे लागतात. इथे मात्र किती प्रती चालू आहेत ते त्या क्षणी मोजता येतं. असाच आणखी एक आकडा: २३ ऑगस्ट २०२३ ला चांद्रयान ३ चंद्रावर उतरलं तेव्हा एकट्या इस्रोच्या यूट्यूब चॅनेलवर एकाच वेळी ८० लाखांहून जास्त लोक होते. तिथे ना चौकार ना षटकार. पडद्यावर बराच वेळ आकडे आणि आलेखच दिसत होते, तरी ८० लाख! मला त्या आकड्याचं फार कौतुक वाटतं.

पण एवढ्या प्रती काढायचा खर्च? तो थोडा वर्गणीतून निघतो आणि बराचसा जाहिरातींतून. आणि इथे खर्च वाढवणारी तीच गोष्ट पैसे मिळवून देते. प्रत वेगळी, म्हणून तिच्यातली जाहिरातही वेगळी ठेवता येते. दोन षटकांच्या मध्ये सांगलीच्या फोनवर ठिबक सिंचनाची जाहिरात आणि त्याच क्षणी पुण्याच्या फोनवर इलेक्ट्रिक स्कूटरची. मनोऱ्याला हे कुठून जमणार? २०२३ ते २०२७ या पाच वर्षांचे आयपीएलचे भारतातले हक्क विकले गेले तेव्हा टीव्हीसाठी २३,५७५ कोटी रुपये मिळाले आणि डिजिटलसाठी २३,७५८ कोटी. फोनने पहिल्यांदाच टीव्हीला मागे टाकलं. डिजिटल हक्क घेणाऱ्यांनी २०२३ ची आयपीएल जिओसिनेमा या ॲपवर चक्क फुकट दाखवली, कारण जितके डोळे जास्त, तितकी जाहिरात महाग.

डोळ्यांबरोबर कानही हवेत ना! प्रत वेगळी, म्हणून भाषाही ज्याची त्याला निवडता येते. त्या वर्षी जिओसिनेमावर बारा भाषांतून समालोचन होतं आणि त्यात मराठीही होती. मराठीत बोलणाऱ्यांमध्ये आपला पुण्याचा केदार जाधव होता. स्पर्धा निम्म्यावर आली असताना बंगळुरू संघाचा डेव्हिड विली जखमी झाला. त्यांना बदली खेळाडू हवा होता आणि त्यांनी थेट समालोचकाला बोलावलं! १ मे २०२३, महाराष्ट्र दिन. केदारने माइक ठेवला, बॅट उचलली आणि तो विराट कोहलीच्या संघात दाखल झाला.