आग दिसते, ऊब कुठे जाते?

कॅनडातला हिवाळा. बाहेर बर्फ, दिवाणखान्यात विटांची जुनी फायरप्लेस ढणाढणा पेटलेली. समोर बसलेल्यांचे चेहरे लालबुंद झालेत. मग मागची निजायची खोली आधीपेक्षा गार कशी?

कारण धुराड्यातून वर जाणारा धूर एकटा जात नाही, घरातली तापलेली हवाही ओढून नेतो. तिची जागा भरायला दाराखिडक्यांच्या फटींतून गारठा आत शिरतो. म्हणजे लाकूड आपलं जळतं आणि तापतं आभाळ!

यावर उपाय काचेच्या दारांचा. पण गंमत पाहा, अशा फायरप्लेसला बहुधा टेम्पर्ड, म्हणजे कडक केलेली काच असते आणि जाळ जोरात असताना ती दारं उघडी ठेवायची असतात. ठिणग्या अडवायला जाळी पुरते. असं का? ही काच आगीची न दिसणारी उष्णता बरीचशी अडवते. शिवाय सुमारे २५० अंश सेल्सिअसपुढे तिची ताकद ढळते, आणि फुटली की क्षणात चुरा! दारं लावायची ती निखारे उरल्यावर. तेव्हा आगीत ऊब थोडीच असते, धुराड्याची ओढ मात्र चालूच. धुराड्याची झडप मात्र निखारे पूर्ण विझेपर्यंत उघडीच हवी, नाहीतर जीवघेणा कार्बन मोनॉक्साइड घरात पसरेल.

मग लाकडाच्या बंद स्टोव्हची काच भर जाळातही कशी टिकते?

त्याची कथा १९५३ सालची. अमेरिकेतल्या कॉर्निंग या काच कंपनीत संशोधक डोनाल्ड स्टूकी काचेचा तुकडा ६०० अंशांवर तापवत होते. भट्टी बिघडली आणि पारा ९०० वर गेला. काच वितळलीच असणार! पण हाती आली पांढरी, अखंड पट्टी. ती चिमट्यातून निसटून जमिनीवर आपटली, तरी फुटली नाही. काचेच्या पोटात स्फटिक उगवले होते.

स्टोव्हची पारदर्शक सिरॅमिक काच याच कुळातली. तिचे स्फटिक इतके बारीक, की प्रकाशाच्या लहरीला ते जाणवतही नाहीत. तापल्यावर स्फटिक आकसतात, भोवतीची काच फुगते; या रस्सीखेचीत कुणीच जिंकत नाही आणि काच जवळजवळ तसूभरही हलत नाही. म्हणून ती ७०० अंशही सोसते. वर आगीची बरीच उष्णता आरपार सोडते, त्यामुळे दार बंद ठेवूनही खोली तापते. मुलांना मात्र दूर ठेवा, कारण हीच काच हात भाजते.

दिसायला दोन्ही काचा सारख्याच, नियम मात्र उलटे. म्हणून काडी ओढण्याआधी माहितीपुस्तिका उघडा आणि आपल्या दाराची काच कोणती, ते पाहा.