आधी ताबा

पुकारा होतो तसा माझ्या शेजारचा माणूस घाईघाईनं उठतो. शर्ट कडक इस्त्रीचा, पण कॉलर घामानं भिजलेली. मुंबई उच्च न्यायालयाच्या या १८७८ सालच्या दगडी इमारतीत पंख्याचा वारा मागच्या बाकापर्यंत पोचत नाही. पलीकडे घरमालकीण बसली आहे, सत्तरीच्या पुढची. वाद गिरगावातल्या दोन खोल्यांचा. नातवाचं लग्न झालं, जागा पुरेना, म्हणून तिनं महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम १६ खाली घरच्या गरजेसाठी दावा लावला. लघुवाद न्यायालय, तिथलंच अपील, मग इथली रिट याचिका. भाडेकरू तिन्हीकडे हरला. जागा सोडायला त्यानं वर्षभराची मुदत मागितली, आणि ती त्याला मिळाली हमीपत्रावर.

तो कागद आता न्यायमूर्तींच्या हातात आहे. पुढच्या बाकावरच्या ज्युनियर वकिलाच्या मांडीवर त्याची झेरॉक्स उघडी आहे, मला इथून वाचता येते. जागेत मी व माझं कुटुंबच राहतो. दुसऱ्या कुणाला जागा देणार नाही, कुणाचा हक्क निर्माण करणार नाही. मुदत संपताच रिकामा ताबा देईन, आणखी मुदत मागणार नाही. खाली त्याची सही, बायकोची सही आणि सज्ञान मुलाची सही. मुलानं पेन दाबून, एकेक अक्षर सुटं काढलंय.

मुदत केव्हाच संपली. खोल्यांत सध्या त्याचा मेव्हणा बिऱ्हाड थाटून आहे.

वकिलांचं इंग्रजी चालू असताना तो एकदा इकडे, एकदा तिकडे बघतो. मग न्यायमूर्ती थेट मराठीत विचारतात, "ही सही तुमची?"

"हो साहेब."

"काय लिहिलंय ते माहीत होतं?"

"वकिलांनी समजावलं होतं."

"मग मेव्हणा कधी राहायला आला?"

तो गप्प.

त्याची ओढाताण मला कळते. गिरगावात केस पांढरे झालेल्या माणसाला विरारच्या पुढं जागा शोधायला सांगणं सोपं नाही. म्हणून तर कोर्टानं वर्ष दिलं. पण खटला हरणं वेगळं आणि दिलेला शब्द मोडणं वेगळं. हा शब्द त्यानं मालकिणीला नव्हे, कोर्टाला दिला होता, आणि त्यावर वर्षभर घरात राहिला. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार अशी हमी जाणूनबुजून मोडणं हा दिवाणी अवमान ठरतो. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दोन हजारांना आज कुणी घाबरत नाही. त्याच्या ओल्या कॉलरमागे आहे ती कैद.

त्याचे वकील माफीचं प्रतिज्ञापत्र पुढे करतात. न्यायमूर्ती ते बाजूला ठेवतात. "आधी ताबा. माफीचं नंतर पाहू."

मला हे शंभर टक्के पटतं. माफी खरी असेल तर खोल्या रिकाम्या करूनच ती दिसेल. मेव्हण्याला आत ठेवून लिहिलेल्या माफीनाम्यानं कोर्टाचं समाधान का व्हावं?

तो मागं वळतो. "काकू, तुम्ही तरी सांगा ना साहेबांना. गणपतीपर्यंत राहू द्या."

"मागच्या गणपतीलाही हेच म्हणालास रे," ती म्हणते. आवाजात राग नाही, थकवा आहे. शिपाई दोघांनाही गप्प करतो.

आदेश सांगितला जातो. शुक्रवारी सकाळी अकरा वाजता मेव्हण्यासह सगळ्यांनी बाहेर पडायचं, किल्ल्या द्यायच्या, अडथळा आला तर पोलिसांची मदत घ्यायची. शिक्षेचं सोमवारी. त्या दिवशी त्यानं जातीनं हजर राहायचं.

बाहेर व्हरांड्यात मालकिणीचे वकील तिला समजावतायत. "नवं कुलूप घेऊन या काकू. आणि ताबापावतीवर सह्या झाल्याशिवाय तुमचं सामान आत नेऊ नका."

"त्याचं काही राहिलं तर?"

"पंचांसमोर यादी करायची आणि ते न्यायला त्याला दिवस ठरवून द्यायचा. फेकायचं काहीच नाही."