संख्यांची ओळख : उणे वजा करताना

मागच्या आठवड्यात आपण संख्यारेषेवर शून्याच्या डावीकडे गेलो आणि उणे संख्यांचा लहानमोठेपणा पाहिला. उणे ४० ही संख्या उणे १० पेक्षा लहान, हे आता अंगवळणी पडलं असेल. आज या संख्यांची वजाबाकी करू, आणि त्यासाठी सैबेरियातल्या वर्खोयान्स्कला जाऊ.

याना नदीकाठचं हे छोटंसं गाव आर्क्टिक वृत्ताच्याही साधारण ११५ किलोमीटर उत्तरेला आहे. फेब्रुवारी १८९२ मध्ये इथलं तापमान उणे ६७.८ अंश सेल्सिअसपर्यंत उतरलं होतं. त्याच गावात २० जून २०२० रोजी ३८ अंशांची नोंद झाली. पुण्यात एप्रिल-मेच्या दुपारी असतं, जवळपास तेवढं! जागतिक हवामान संघटनेनं ही नोंद तपासून डिसेंबर २०२१ मध्ये आर्क्टिक प्रदेशातला उच्चांक म्हणून मान्य केली.

एकाच गावात इतका फरक पडतो, कारण समुद्र लांब आहे. पाणी हळू तापतं आणि हळू निवतं, म्हणून रत्नागिरीत उन्हाळा-हिवाळ्यातला फरक बेताचा असतो आणि नागपुरात जास्त. वर्खोयान्स्कला हा आधार नाहीच. शिवाय गाव खोऱ्यात आहे. थंड, जड हवा खाली उतरते आणि तिथेच साचून राहते. भर हिवाळ्यात सूर्य क्षितिजाच्या वर येत नाही आणि जूनमध्ये तो मावळत नाही.

भूगोलाच्या पुस्तकात आपण ‘तापमानकक्षा’ शिकतो. कमाल तापमानातून किमान तापमान वजा केलं की कक्षा मिळते. दुपारी ४३ आणि पहाटे २८ असेल, तर दिवसाची कक्षा १५ अंश. इथपर्यंत कुणीच अडत नाही. वर्खोयान्स्कसाठी मात्र मांडणी अशी होते : ३८ − (−६७.८).

इथे बरीच मुलं ६७.८ मधून ३८ वजा करून २९.८ असं उत्तर लिहितात. हे उत्तर नुसतं चूक म्हणून खोडू नये, पडताळून पाहावं. उणे ६७.८ पासून २९.८ अंश वर चढलो तर कुठे पोचू? उणे ३८ वर. पारा उणे ३८.८ अंशांना गोठतो, म्हणजे या ठिकाणी तो नुकता कुठे वितळलेला असेल. आपल्याला जायचं होतं अधिक ३८ ला, जूनमधल्या त्या दुपारी. आता नीट मोजू. उणे ६७.८ पासून शून्यापर्यंत ६७.८ अंश, शून्यापासून पुढे ३८ अंश, एकूण १०५.८ अंश.

उणे संख्या वजा करताना बेरीज होते, हा नियम आपल्याकडे फार जुना आहे. भिल्लमाळच्या (आजच्या राजस्थानातल्या भीनमाळच्या) ब्रह्मगुप्तानं इसवी सन ६२८ मध्ये ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’त धन, ऋण आणि शून्य यांचे नियम मांडले. धनातून ऋण वजा करायचं असेल तर दोन्हींची बेरीज करावी, हा त्यांतलाच एक. पण नियम माहीत असणं आणि तो तसाच का असला पाहिजे हे पटणं, यांत अंतर आहे. तापमान इथे फार चांगलं शिकवतं, म्हणून आज गणितासाठी इतक्या लांब आलो.

सेल्सिअसचं शून्य माणसानं ठरवलेलं आहे. पाणी गोठतं तिथे आपण शून्य लिहितो. अँडर्स सेल्सिअसनं १७४२ मध्ये मोजपट्टी सुचवली तेव्हा ती उलटी होती : पाणी उकळतं तिथे शून्य आणि गोठतं तिथे शंभर. पुढे ती फिरवली गेली. समजा, आपण शून्याची खूण शंभर अंश खाली सरकवली. मग प्रत्येक नोंदीत शंभर मिळवावे लागतील. वर्खोयान्स्कचा उच्चांक १३८ होईल, नीचांक ३२.२. आता उणे चिन्ह कुठेच नाही. १३८ − ३२.२ = १०५.८. केल्विनमध्ये लिहा : ३११.१५ आणि २०५.३५. फरक पुन्हा १०५.८. खूण सरकवल्यानं गावातली थंडी कमी होत नाही की ऊन वाढत नाही, त्यामुळे फरकही बदलता कामा नये. ३८ − (−६७.८) चं उत्तर १०५.८ यावंच लागतं. दुसरं काही आलं असतं, तर तापमानकक्षा आपण शून्य कुठे मांडलं त्यावर बदलत राहिली असती, आणि मग तिचा काही उपयोगच उरला नसता.

‘उणे उणे अधिक’ हा नुसता पाठ केलेला मंत्र मला धोक्याचा वाटतो तो यासाठीच. अंटार्क्टिकातल्या रशियाच्या व्होस्तोक केंद्राचं उदाहरण घ्या. तिथे २१ जुलै १९८३ रोजी उणे ८९.२ अंश नोंदले गेले. तिथला आजवरचा उच्चांक सांगितला जातो तो उणे १४ अंश, म्हणजे तोही शून्याखालीच. दोन उणे दिसले की मंत्रवाले बेरीज करून मोकळे होतात : १०३.२. खरी मांडणी −१४ − (−८९.२), म्हणजेच −१४ + ८९.२, म्हणजे ७५.२. शंका असेल तर शंभर मिळवून पाहा : ८६ आणि १०.८. फरक ७५.२. पद्धत दोन्ही ठिकाणी एकच आहे, कमालातून किमान वजा करायचं. आकड्यांची बेरीज होणार की वजाबाकी, हे दोन्ही नोंदी शून्याच्या एकाच बाजूला आहेत का, यावर ठरतं.

ही किमान तापमानं टिपणारं पारंपरिक उपकरण बघण्यासारखं असतं. त्यात पारा नसून अल्कोहोल असतं, कारण पारा कडाक्याच्या थंडीत गोठून बसेल. आडव्या नळीतल्या अल्कोहोलात दोन्ही टोकांना जाड असलेली एक बारीक कांडी असते. थंडी वाढून अल्कोहोल आकसलं की त्याचा पृष्ठभाग कांडीला आपल्याबरोबर फुग्याच्या दिशेला ओढत नेतो. हवा तापली की अल्कोहोल कांडीच्या बाजूनं पुढे निघून जातं, कांडी मात्र जागेवरच राहते. सकाळी तिचं फुग्यापासून लांबचं टोक वाचायचं. तेच त्या रात्रीचं किमान तापमान.

आणखी एक भेद सांभाळायला हवा : बदल आणि कक्षा. अमेरिकेत माँटाना राज्यातल्या ब्राउनिंग इथे २३-२४ जानेवारी १९१६ ला आर्क्टिकची हवा घुसली आणि चोवीस तासांत तापमान ६.७ वरून उणे ४८.९ वर आलं. बदल म्हणजे नंतरच्या नोंदीतून आधीची वजा : −४८.९ − ६.७ = −५५.६. इथलं उणे चिन्ह तापमान घसरल्याचं सांगतं, म्हणून ते गाळायचं नाही. कक्षा मात्र ५५.६, कारण ती नेहमी मोठ्यातून लहान वजा करून काढतात. त्याच राज्यातल्या लोमा गावी १४-१५ जानेवारी १९७२ ला उलट घडलं. डोंगरउतारावरून येणारे चिनूक नावाचे उबदार वारे सुटले आणि तापमान उणे ४७.८ वरून ९.४ वर चढलं. बदल अधिक ५७.२, कक्षाही ५७.२.

अमेरिकेतल्या नोंदी फॅरनहाइटमध्ये असतात. लोमाचा फरक तिथे १०३ अंश लिहिला जातो. सवयीनं आपण त्यातून ३२ वजा करून ५/९ नं गुणतो आणि ३९.४ असं चुकीचं उत्तर काढतो. ३२ हा दोन मोजपट्ट्यांच्या शून्यांमधला फरक आहे. दोन तापमानांची वजाबाकी करताना तो आधीच निघून गेलेला असतो. म्हणून फरकाला फक्त ५/९ नं गुणायचं : १०३ × ५/९ = ५७.२.

आता तुमच्यासाठी एक. २२ जानेवारी १९४३ च्या सकाळी अमेरिकेतल्या साउथ डाकोटा राज्यात स्पिअरफिश इथे अवघ्या दोन मिनिटांत तापमान उणे ४ अंश फॅरनहाइटवरून ४५ अंश फॅरनहाइटवर गेलं. आधी फरक काढून तो सेल्सिअसमध्ये न्या. मग दोन्ही नोंदी वेगवेगळ्या सेल्सिअसमध्ये बदलून त्यांची वजाबाकी करा, आणि दोन्ही उत्तरं शेजारी शेजारी लिहून ठेवा. पुढच्या आठवड्यात उणे संख्यांचा गुणाकार घेऊ, तेव्हा ती लागतील.