कीबोर्डातले 64 बाइट

64 बाइट. 12 ऑगस्ट 1981 रोजी जाहीर झालेल्या आयबीएम पीसीच्या कीबोर्डात इंटेल 8048 हा मायक्रोकंट्रोलर होता, त्याची ही रॅम. पीसीची स्वतःची रॅम किमान 16 केबी, म्हणजे 256 पट. आज 16 जीबीचा लॅपटॉप घरोघरी आहे. मुख्य मेमरी 10,48,576 पट झाली. हौशी मंडळी कीबोर्ड जुळवताना वापरतात त्या एटीमेगा 32यू4 ची रॅम 2,560 बाइट. वाढ 40 पट. कीबोर्डाचं काम फारसं वाढलेलंच नाही.

काम होतं 83 कळांचं. प्रत्येकीला वेगळी तार द्यावी तर 83 तारा लागतात, 8048 ला इनपुट-आउटपुटच्या वाटा 27. म्हणून कळा आडव्या-उभ्या तारांच्या जाळीवर बसवतात: 8 गुणिले 11 धरलं तर 19 तारांत 88 कळा मावतात. चिप ही जाळी सतत चाचपते आणि फक्त कळेचा क्रमांक कळवते. ‘के’ दाबली की 37, सोडली की 165, म्हणजे 37 अधिक 128. भारतीय भाषांच्या इनस्क्रिप्ट मांडणीत याच कळेवर ‘क’ आहे, तरी क्रमांक 37 च. अक्षर संगणकात ठरतं. कीबोर्डाला मराठी येत नाही. इंग्रजीही येत नाही.

1984 च्या पीसी/एटीत मदरबोर्डवर कीबोर्डाकडून क्रमांक घेणारा 8042 हा मायक्रोकंट्रोलर आला: रॅम 128 बाइट, 8048 च्या दुप्पट. त्याची एक वाट मोकळी होती, म्हणून 1 एमबीपलीकडच्या मेमरीचं दार उघडण्याचं कामही त्याच्याच गळ्यात पडलं. 16 एमबीपर्यंत पोचू शकणारा 80286 प्रोसेसर त्यासाठी कीबोर्डाच्या चिपवर अवलंबून राहिला.

त्या पहिल्या पीसीतल्या फ्लॉपी ड्राइव्ह टंडन कंपनीच्या. ऐंशीच्या दशकात या कंपनीचं उत्पादन मुंबईत मरोळ एमआयडीसीशेजारच्या सीप्झमध्येही (सांताक्रूझ इलेक्ट्रॉनिक्स एक्सपोर्ट प्रोसेसिंग झोन) होत असे. कीबोर्डात मायक्रोकंट्रोलर होता, 160 केबीच्या त्या ड्राइव्हमध्ये मात्र नव्हता. तिचं नियंत्रण वेगळ्या कार्डावर. आज प्रत्येक एसएसडीत स्वतःचा कंट्रोलर असतो.

सीप्झ सुरू झालं 1973 मध्ये. टीएमएस 1000 हा सुरुवातीचा मायक्रोकंट्रोलर बाजारात आला त्याच्या पुढच्या वर्षी. क्षेत्र तेव्हा फक्त इलेक्ट्रॉनिक्ससाठी राखीव होतं. 1987-88 पासून हिरे-दागिन्यांनाही परवानगी मिळाली. नावातला इलेक्ट्रॉनिक्सचा ‘ई’ अजून तसाच आहे.