बस्तरच्या जंगलातला स्वीडिश कॅमेरा

भंडाऱ्याहून साकोली, लाखांदूर, पुढे वडसा आणि मग गडचिरोलीचं जंगल. ते जंगल जिथं छत्तीसगडात शिरतं तिथं नारायणपूरचा, म्हणजे जुन्या बस्तर जिल्ह्यातला मुलूख लागतो. त्या मुलखातल्या गढबेंगाल नावाच्या मुरिया गोंडांच्या गावात १९५० च्या दशकात एक स्वीडिश माणूस कॅमेरा घेऊन मुक्कामाला होता. आर्ने सुक्सडॉर्फ त्याचं नाव. स्वीडिश सिनेमा म्हटलं की आपल्याकडे बर्गमन आठवतो. पण स्वीडनला पहिला ऑस्कर मिळाला तो या सुक्सडॉर्फच्या स्टॉकहोम शहरावरच्या लघुपटामुळे, १९४९ साली!

आणखी एक गोष्ट मला फार विलक्षण वाटते. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत भंडारा आणि बस्तर हे दोन्ही जिल्हे एकाच मध्य प्रदेशात होते आणि त्या राज्याची राजधानी होती नागपूर. म्हणजे सुक्सडॉर्फने गढबेंगालात केलेला चित्रपट १९५७ मध्ये पडद्यावर आला, त्याच्या आदल्या वर्षापर्यंत गढबेंगालचे आणि आपले कागद एकाच राजधानीत जात होते.

चित्रपटाचं नाव ‘एन युंगेलसागा’, म्हणजे जंगलाची कथा. लेखन, दिग्दर्शन आणि छायाचित्रण तिन्ही त्याचंच. चित्रपट रंगीत, रुंद पडद्याचा, आणि संगीत पंडित रविशंकरांचं. पडद्यावर दिसतात ती गावातलीच माणसं. बिबट्याच्या दहशतीखालचं गाव, तिरकमठा घेतलेला शिकारी आणि चेंद्रू नावाचा पोरगा. वाघाशी खेळणारा हा चेंद्रू पाहून युरोप थक्क झाला. सुक्सडॉर्फची पत्नी अस्ट्रिड बर्गमन सुक्सडॉर्फ यांच्या छायाचित्रांचं चेंद्रूवरचं पुस्तक परदेशातल्या मुलांच्या हाती गेलं, आणि चेंद्रू स्वतः स्वीडनला जाऊन आला.

सुक्सडॉर्फला हे जमलं कसं? त्याचं खरं हत्यार होतं थांबणं. ‘त्रूट’ या १९४४ च्या लघुपटात त्याने समुद्रपक्ष्यांच्या वसाहतीतली लुटालूट टिपली. १९५३ च्या ‘देत स्तोरा अव्हेंत्यूरेत’मध्ये दोन भाऊ एक पाणमांजर घरात लपवून सांभाळतात. कथा लिहिलेली, पण कोल्हा, घुबड, बर्फ सगळं अस्सल. पटकथेतला प्रसंग आणि जनावराची मर्जी जुळेपर्यंत दिवसच्या दिवस घालवायचे, अशी ही कामाची रीत. मचाणावर रात्र काढलेल्या आपल्या कोका-नागझिऱ्याच्या माणसांना त्यातलं कष्टाचं मोल वेगळं सांगायला नको. ‘देत स्तोरा अव्हेंत्यूरेत’ला कान महोत्सवात पारितोषिक मिळालं.

‘एन युंगेलसागा’नंतरचा, १९६१ चा चित्रपट मात्र पडला. मग १९६२ मध्ये सुक्सडॉर्फ ब्राझीलला गेला, चित्रपट शिकवायला. रिओमधल्या त्याच्या वर्गात बसलेली आर्नाल्दो जाबोर, एदुआर्दो एस्कोरेल ही मुलं नंतर ब्राझीलच्या नव्या सिनेमातली मोठी नावं झाली. जागच्या जागी खरा आवाज नोंदवणारं नाग्रा यंत्र त्याने सोबत नेलं होतं. रस्त्यावरच्या माणसाचा आवाज रस्त्यावरच पकडता येतो, हे त्या तरुणांना हातात यंत्र घेऊन शिकता आलं. रिओच्या बेघर पोरांवर त्याने १९६५ मध्ये चित्रपट केला, त्यातही काम केलं त्या पोरांनीच. मग तो पांतानालच्या दलदलीत जाऊन राहिला, तिथल्या प्राण्यांसाठी भांडला. ब्राझीलमध्ये तीसेक वर्षं काढून उतारवयात तो स्वीडनला परतला आणि २००१ मध्ये वारला.

इकडे चेंद्रू स्वीडनहून गढबेंगालला परतला होता. जगाने पाहिलेल्या या माणसाचं उरलेलं आयुष्य गरिबीत गेलं आणि २०१३ मध्ये तो गेला. दिग्दर्शकाला खंड बदलता आला, चेंद्रूला गावच होतं. मला ही तफावत बोचते, आणि चित्रपटाच्या सौंदर्याइतकीच ती सांगितली पाहिजे असं वाटतं.

दंडारीला आणि नाटकाला रात्रभर बसणाऱ्या आपल्या झाडीपट्टीत हा चित्रपट एकदा दाखवायला हवा. पडद्यावरचं ते मुरिया तरुणाईचं घोटूल, ते मोहाचं जंगल ओळखणारे म्हातारे गोंड आजही आपल्या गावांत आहेत. चेंद्रूच्या चित्रपटाबद्दल पहिलं मत त्यांचं ऐकायचंय.