सिल्मारिल रत्ने आणि निर्मात्याचा अधिकार

अद्भुत कथांतील रत्नांचा विचार करताना आपले लक्ष सहसा त्यांच्या सामर्थ्याकडे जाते. रत्न काय देते, ते कोणी धारण करावे, कोणी हिरावून नेले, एवढ्यावर कथा चालते. आपल्याकडील स्यमंतक मण्याची कथा याच जातीची होय. तो मणी सत्राजितास सूर्याकडून प्राप्त होतो, रोज आठ भार सुवर्ण देतो, आणि विष्णुपुराणाप्रमाणे अशुचि अवस्थेत धारण करणाराचा घात करतो. त्याच्यापायी श्रीकृष्णावर आलेला आळ तर भाद्रपद शुद्ध चतुर्थीच्या चंद्रदर्शनामुळे महाराष्ट्रात घरोघर ठाऊक आहे. परंतु हा मणी घडविला कोणी, हा प्रश्न त्या कथेत कोणीही विचारीत नाही. जे. आर. आर. टोल्किन (१८९२–१९७३) यांनी कल्पिलेल्या पुराणातील सिल्मारिल रत्नांचे वेगळेपण नेमके येथे आहे. ती घडविलेली आहेत आणि त्यांचा घडविणारा समोर उभा आहे. कथेचा गाभा रत्नांच्या चोरीत नसून, ती चोरी कळण्यापूर्वी त्या कारागिरास केलेल्या एका मागणीत आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

टोल्किन हे ऑक्सफर्ड विद्यापीठात १९२५ ते १९४५ प्राचीन इंग्रजीचे व त्यानंतर १९५९ पर्यंत इंग्रजी भाषा-साहित्याचे प्राध्यापक होते. १९५४-५५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या त्रिखंडात्मक कादंबरीने त्यांचे नाव जगभर गेले. पण तिच्या पार्श्वभूमीस असलेले पुराण ते पहिल्या महायुद्धाच्या काळापासून लिहीत होते. ते त्यांच्या हातून पूर्ण झाले नाही. पुत्र क्रिस्तोफर यांनी हस्तलिखिते संपादून 'द सिल्मारिलियन' हा ग्रंथ १९७७ मध्ये प्रसिद्ध केला. पुढील विवेचन मुख्यतः या पाठास धरून आहे.

सूर्यचंद्र निर्माण होण्यापूर्वी पश्चिमेकडील देवभूमी दोन वृक्षांच्या तेजाने उजळत असे. एकाचे तेज रुपेरी, दुसऱ्याचे सोनेरी. हे वृक्ष याव्हान्ना या देवतेच्या गायनातून उगवले. एल्फ नामक अमर जातीतील फेआनोर हा सर्वांत कुशल कारागीर. त्याने दोन्ही वृक्षांचे संमिश्र तेज तीन रत्नांत साठविले. रत्नांचे कवच हिऱ्यासारखे, परंतु त्याहून कणखर; ते कोणत्या द्रव्याचे, हे दुसऱ्या कोणासही उमगले नाही. ताऱ्यांची देवता वार्दा हिने ती रत्ने पावन केली, आणि तेव्हापासून मर्त्य देह, मलिन हात अथवा दुष्ट संकल्प यांचा स्पर्श होताच ती पोळू लागली. आरंभी मोठ्या उत्सवांत फेआनोर ती कपाळी धारण करीत असे. पुढे मात्र पिता व सात पुत्र यांवाचून इतरांस त्यांचे दर्शन घडविणेही त्याच्या जिवावर येऊ लागले. आतील तेज आपले नव्हे याचा त्यास विसर पडला, असे निवेदक येथेच सांगून टाकतो.

मेल्कोर या बंडखोर देवतेने एका प्रचंड कोळिणीच्या साह्याने दोन्ही वृक्षांचा नाश केला, आणि देवभूमीत अंधार पसरला. मृत वृक्षांपाशी सभा भरली. याव्हान्ना म्हणते की, थोर सामर्थ्य असणाऱ्यांसही काही कार्ये एकदाच साधतात. हे वृक्ष मला पुन्हा निर्मिता येणार नाहीत. परंतु त्यांचे थोडेसे तेज हाती आले तर मुळे सडण्यापूर्वी मी त्यांस जीवन देऊ शकेन. ते तेज आता केवळ सिल्मारिलांत उरलेले आहे. म्हणजे रत्ने मोडावी लागतील. तुल्कास हा मल्लवृत्तीचा देव अधीर होऊन हो की नाही ते एकदाचे सांग म्हणतो, आणि रत्नांतील तेज मुळात याव्हान्नेचेच, याची आठवण करून देतो. त्यास आवरतो तो आउले. आउले हा स्वतः कारागिरांचा देव. आपण मागतो आहोत ते तुला वाटते त्याहून मोठे आहे, यास थोडा अवधी द्या, असे तो सुचवितो. सभेत मागणीचे खरे मोल कळलेला हा एकटाच, आणि तो हाताने काम करणारा आहे, ही योजना सहज झालेली नसावी.

फेआनोरचे उत्तर आपण बारकाईने पाहिले पाहिजे, कारण त्यास केवळ लोभी ठरवून मोकळे होणे सोपे आहे. तो म्हणतो की, मोठ्यांप्रमाणेच लहानांसही एखादे कार्य एकदाच साधते, आणि त्यातच त्यांचे हृदय विसावते. रत्ने मोडली तर माझे हृदय मोडेल. हा युक्तिवाद शब्दशः याव्हान्नेचाच आहे. तिचे वृक्ष पुन्हा होणार नाहीत, तशी याची रत्नेही. दोन अद्वितीय कृतींपैकी एक राखावयाची तर दुसरी मोडली पाहिजे, आणि दोघेही निर्माते खरे बोलत आहेत. फरक एवढाच की, फेआनोरच्या कृतीत दुसऱ्याच्या कृतीचे तेज आहे, उलट नाही. स्वखुशीने मी हे करणार नाही, असे तो सांगतो. आणि कोणीही त्याच्यावर बळ वापरीत नाही.

एवढ्यात वार्ता येते की मेल्कोरने फेआनोरच्या पित्यास ठार करून रत्ने केव्हाच पळविली आहेत. तेव्हा हो म्हटले असते काय आणि नाही म्हटले काय, वृक्ष वाचलेच नसते. कथाकार हे मान्य करतो, आणि तरीही नोंदवितो की प्रथमच होकार दिला असता तर पुढची कृत्ये कदाचित वेगळी झाली असती. व्यवहारतः निष्फळ असलेल्या उत्तरावर एवढा भार देणे हे या कथेचे मर्म होय. त्या नकारानंतर फेआनोर व त्याचे पुत्र रत्ने अडवून धरणाऱ्या कोणाचाही पाठलाग करण्याची घोर शपथ घेतात, आणि जहाजांसाठी स्वजातीयांची हत्या करतात. ग्रंथाचा बराच मोठा भाग त्या शपथेचा परिणाम आहे.

याच प्रश्नाचे दुसरे उत्तर टोल्किन यांच्या 'लीफ बाय निगल' या १९४५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लघुकथेत सापडते. निगल हा सामान्य चित्रकार आयुष्यभर एकाच वृक्षाचे चित्र रंगवीत असतो. वादळात शेजाऱ्याच्या घराची पडझड होते, आणि दुरुस्तीसाठी त्या चित्राचा कापड वापरावयास हवा होता, असे एक निरीक्षक त्यास बजावतो. अखेर कापड तसा वापरलाही जातो. उरते ते एक पान. पण जो वृक्ष त्यास पुरा करता आला नव्हता, तो मृत्यूनंतरच्या प्रदेशात त्यास जिवंत उभा असलेला भेटतो. देवसभेच्या जागी गळके छप्पर आले, तरी मागणी तीच आहे.

टोल्किन यांच्या तरुणपणी त्यांच्यावर फिनलंडच्या 'कालेवाला' या महाकाव्याचा मोठा प्रभाव पडला होता. एलियास ल्योनरोट यांनी लोकगीतांतून रचलेले हे काव्य १८३५ मध्ये आणि वाढविलेल्या रूपात १८४९ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यातील साम्पो हे इल्मारिनेन लोहाराने घडविलेले अद्भुत जाते पीठ, मीठ व धन दळते. सिल्मारिलांशी त्याची तुलना अभ्यासक करीत आले आहेत, आणि घडविणे, कोंडणे, पळविणे या टप्प्यांपुरती ती योग्यही आहे. परंतु साम्पो समुद्रात पडून फुटतो, आणि किनाऱ्यास लागलेले त्याचे तुकडेच भूमीस समृद्धी देतात. सिल्मारिल फुटत नाहीत.

त्यांची अखेर सर्वपरिचित आहे. एक रत्न बेरेन व लूथिएन मेल्कोरच्या लोखंडी मुकुटातून सोडवितात, आणि पुढे ते एआरेंदिल या नाविकाच्या भाळी आकाशात तारा होऊन राहते. उरलेली दोन फेआनोरचे शेवटचे दोन पुत्र हस्तगत करतात. पण इतक्या रक्तपातानंतर त्यांचे हातच पोळतात. थोरला रत्नासह अग्निमय विवरात उडी घेतो, धाकटा आपले रत्न समुद्रात भिरकावतो. १९७७ चा पाठ येथे जवळजवळ थांबतो. परंतु टोल्किन यांच्या १९३० च्या सुमाराच्या हस्तलिखितात, जे १९८६ मध्ये 'द शेपिंग ऑफ मिडल-अर्थ' या खंडात छापले गेले, एक भाकीत आहे. जगाच्या अंतिम युद्धानंतर आकाश, भूमी व समुद्र यांतून तिन्ही रत्ने परत येतील. फेआनोर स्वतः ती याव्हान्नेच्या हाती देईल. ती रत्ने मोडील, आणि त्यांच्या अग्नीने वृक्ष पुन्हा उजळतील. तेव्हा देवभूमीभोवतीचे पर्वतही सपाट होतील, आणि पूर्वी ज्या तेजास त्यांनी अडवून धरले होते ते साऱ्या जगावर पसरेल.